दारापासून स्टुलापर्यंत

'चिअर्स' या बारमध्ये घडणाऱ्या अमेरिकी विनोदी मालिकेतला (अशा मालिकेला सिटकॉम म्हणतात) नॉर्म पीटरसन दार ढकलून आत येतो. अख्खा बार एका सुरात ओरडतो, 'नॉर्म!' त्या आरोळीचं शेपूट धरून वेट्रेस डायनचा शुद्ध, सुटा 'नॉर्मन' येतो. तिला लघुरूपं चालत नाहीत. तोवर हा गडी चालायला लागलेला असतो. काउंटरमागून कोणीतरी विचारतं, काय म्हणतंय जग? कोपऱ्यातल्या आपल्या स्टुलाकडे सरकता सरकता नॉर्म उत्तर देतो. बारटेंडर वुडीला एकदा त्याने सांगितलं होतं की जग म्हणजे कुत्र्यांनी एकमेकांना फाडून खायचं ठिकाण, आणि आपण नेमकी कुत्र्याच्या बिस्किटांची चड्डी घालून आलोय. हशा. बूड स्टुलाला टेकतं, ग्लास समोर येतो, गोष्ट पुढे चालू.

३० सप्टेंबर १९८२ ते २० मे १९९३, ११ सीझन हे चाललं. सापळा तोच, उत्तर तेवढं नवं. बारकाईने पाहिलं तर यात नॉर्मच्या वाट्याला एकच वाक्य आहे. आरोळी इतरांची, प्रश्न दुसऱ्याचा, ग्लास भरणारा तिसराच. आणि एक भागीदार तर बोलतच नाही. तो म्हणजे दारापासून स्टुलापर्यंतचं अंतर. स्टूल दाराशेजारी असतं तर प्रश्न आणि उत्तर चालण्यात बसलंच नसतं. नॉर्मला येऊन, बसून, मग विनोद सांगावा लागला असता, आणि बसून सांगितलेला विनोद म्हणजे चुटका. अंतर दुप्पट असतं तर मध्ये भगदाड पडलं असतं. हा सेट रिचर्ड सिल्बर्ट या हॉलिवूडमधल्या बड्या कलादिग्दर्शकाचा. बाहेरून दिसणारा बार बॉस्टनचा, तेव्हा 'बुल अँड फिंच' नावाचा. आतला हॉलिवूडमध्ये, पॅरामाउंटच्या २५ नंबरच्या स्टेजवर. नॉर्मच्या ग्लासात दिसते तीही खरी कडक बीअर नव्हे. जवळजवळ बिनदारूची, कोमट, आणि दिव्यांखाली फेस टिकावा म्हणून मीठ टाकलेली. नॉर्म करणारा जॉर्ज वेंट ती प्यायचा, आणि चेहऱ्यावर असं समाधान आणायचा की बघणाऱ्याला तहान लागावी.

अमेरिकेत ज्याला 'आन्सांब्ल' म्हणतात त्याला आपल्या नाटकवाल्यांकडे नेमका शब्द आहे: नटसंच. त्यातला 'संच' मला 'नट'पेक्षा महत्त्वाचा वाटतो. गॅरेजमध्ये पान्यांचा संच असतो. एकाच मापाचे सहा पाने भिंतीवर टांगले तर बघायला छान, कामाला एकच. 'चिअर्स'चा संच तपासायचा तर 'बाहेर पाऊस लागलाय' एवढं वाक्य त्या बारमध्ये टाकून बघावं. पोस्टमन क्लिफ पावसाच्या थेंबाविषयी ठाम आणि चुकीची माहिती देईल. बारटेंडर कोच दार उघडून हात बाहेर काढून खात्री करेल. लेकुरवाळी, तिखट कार्ला एखाद्या न आवडत्या गिऱ्हाइकाला त्याच पावसात हाकलेल. डायन कवितेची ओळ म्हणेल आणि कोणी ऐकणार नाही. बार चालवणारा सॅम दारात भिजलेली बाई दिसते का पाहील. नॉर्म म्हणेल, मग आता घरी कसं जाणार, अजून एक भर. असा भाग कधी झालेला नाही, तरी प्रत्येकाचं उत्तर ठरलेलं वाटतं. दोघांचं उत्तर सारखं आलं असतं तर त्यातला एक जादा धरायचा.

क्लिफ तर मुळात लिहिलेलाच नव्हता. वेंट आणि जॉन रॅट्झेनबर्गर हे दोघं एकाच भूमिकेसाठी वाचायला आले होते. आपलं वाचन पडलं हे रॅट्झेनबर्गरच्या लक्षात आलं. निघता निघता त्याने विचारलं, तुमच्या बारमध्ये तो सर्वज्ञ आहे का, सगळ्यातलं सगळं कळणारा? नव्हता. त्याने तिथेच करून दाखवला, आणि काम मिळालं. संचात कुठल्या मापाचा पाना कमी आहे हे लेखकांच्या आधी नटाला दिसलं होतं.

हा सगळा प्रकार जिथून सुरू झाला तिथे संच चारच जणांचा होता. १५ ऑक्टोबर १९५१ ला 'आय लव्ह लूसी' सीबीएस या वाहिनीवर आलं. त्या काळी कार्यक्रम न्यूयॉर्कहून थेट प्रक्षेपित व्हायचे. देशाच्या दुसऱ्या टोकाला जायची ती टीव्हीच्या पडद्यावरून सिनेमाच्या फिल्मवर टिपलेली धुरकट नक्कल. त्यातले मुख्य नट लूसिल बॉल आणि देसी अर्नाझ यांना हॉलिवूड सोडायचं नव्हतं. त्यांनी पगार कमी घेतला, बदल्यात फिल्मची मालकी स्वतःकडे ठेवली, आणि प्रेक्षकांसमोर ३५ मिलिमीटरच्या तीन कॅमेऱ्यांनी एकाच वेळी चित्रीकरण सुरू केलं. पुनःप्रक्षेपणाचा सगळा धंदा त्या मालकीतून उभा राहिला. छायाचित्रणाला होता कार्ल फ्रॉइंड, जर्मन मूकपटांच्या काळातला कसबी माणूस. त्याच्यापुढचा प्रश्न असा की सिनेमात प्रत्येक कोनासाठी दिवे हलवतात. इथे तिन्ही कोन एकदम टिपायचे, तर दिवे हलवायचे कधी? त्याने बहुतेक प्रकाश वरून, सगळीकडे सपाट पसरला. सिटकॉमला सावल्या नसतात, तो 'टीव्हीसारखा' दिसतो अशी नाकं मुरडली जातात, त्याचं मूळ या सोयीत आहे.

त्या चौकडीतले शेजारी, म्हणजे घरमालक फ्रेड आणि त्याची बायको एथेल, करणारे विल्यम फ्रॉली आणि व्हिव्हियन व्हॅन्स एकमेकांना पाण्यात पाहायचे. तो तिच्यापेक्षा २२ वर्षांनी मोठा. त्याची बायको म्हणून उभं राहायचं हेच तिला झोंबायचं. पडद्यावर हे कुठे लपलेलं नाही. उलट वर्षानुवर्षांच्या संसारातली कुरकुर त्यांच्यात फुकट मिळाली. संचातल्या माणसांचं एकमेकांवर प्रेम असावं लागतं हा समज भाबडा आहे. एकमेकांचं वाक्य संपेपर्यंत थांबता आलं की पुष्कळ झालं.

सिटकॉमच्या घरात बसायची व्यवस्था कधी नीट पाहिली आहे? सोफ्याचं तोंड भिंतीकडे किंवा टीव्हीकडे नसतं, आपल्याकडे असतं, जसं आपल्या नाटकातल्या दिवाणखान्यात. तीन भिंती, चौथ्या भिंतीच्या जागी कॅमेरे, त्यांच्यामागे पायऱ्यांवर दोन-तीनशे प्रेक्षक. 'द गोल्डन गर्ल्स'मध्ये (१९८५ ते १९९२) चार बायका एका घरात राहतात आणि रात्री स्वयंपाकघरात चीजकेक खात मनातलं बोलतात. त्या टेबलाला खुर्च्या तीनच. चौथी ठेवली तर तिथे बसणारीची पाठ कॅमेऱ्याला. म्हणून चौघी असल्या की एक उभी राहते, फ्रिज उघडते, काहीतरी आणायला जाते. बघताना ती घरातली नेहमीची हालचाल वाटते. तीत खरी अडचण भूमितीची आहे, आणि त्या अडचणीनेच प्रवेशाला हालचाल दिली आहे. नॉर्मचं स्टूल कोपऱ्यात आहे तेही याच हिशेबाने. कोपऱ्यावरचा माणूस काउंटरकडेही वळू शकतो आणि खोलीकडेही, तोंड न लपवता.

कॅमेऱ्यांची मांडणी साधारण ठरलेली असते. दोन टोकांचे कॅमेरे उलटे बघतात: डावीकडचा उजव्या नटाला धरतो, उजवीकडचा डाव्याला, म्हणजे दोघांच्याही चेहऱ्याचा समोरचा भाग मिळतो. मधला सगळ्यांना एकत्र घेतो. 'टॅक्सी' या मालिकेचं गॅरेज तीन कॅमेऱ्यांना आवरेना, तेव्हा दिग्दर्शक जेम्स बरोज यांनी चौथा आणला. त्याला 'डी' म्हणत नाहीत, 'एक्स' म्हणतात, कारण घाईत 'बी' आणि 'डी' ऐकायला सारखे. जमिनीवर प्रत्येक कॅमेऱ्याच्या थांब्याला रंगीत चिकटपट्टीच्या खुणा. एका भागात अशा खुणा ढिगाने, आणि नट दोन पावलं चुकला की चारातले दोन कॅमेरे वाया.

आठवडा पाच दिवसांचा. पहिल्या दिवशी टेबलाभोवती बसून संहितेचं वाचन. हसू कुठे आलं नाही याची लेखक पानाच्या कडेला नोंद करतात, रात्री पुनर्लेखन. मग दोन दिवस तालीम, रोज संध्याकाळी लेखकांसमोर सलग प्रयोग, रोज रात्री पुन्हा कापाकापी. दर दुरुस्तीला पानांचा रंग बदलतो, पांढऱ्यानंतर निळी, गुलाबी, पिवळी. नटाच्या हातातली वही शेवटी पतंगाच्या कागदांसारखी दिसते. चौथा दिवस कॅमेऱ्यांचा. पाचव्या रात्री प्रेक्षक. पडद्यावरच्या २२-२५ मिनिटांसाठी चित्रीकरण तीन-चार तास सहज चालतं, कारण बहुतेक प्रवेश दोनदा घेतात. एखाद्या वाक्यावर हशा आला नाही की लेखक तिथेच घोळका करून नवं वाक्य लिहितात आणि नट ते पाठ न करता, नुसतं ऐकून बोलतो. दुसऱ्या वेळचा हशा मोठा असतो; प्रेक्षकांना पहिलं वाक्य माहीत असतं आणि त्याच्या जागी भलतंच येतं. तो खराच हशा आहे हे सांगूनही लोकांना पटेना, तेव्हा 'चिअर्स'ने दुसऱ्या सीझनपासून भागाच्या सुरुवातीला नटांच्याच आवाजात सांगायला सुरुवात केली की हे चित्रीकरण स्टुडिओत, प्रेक्षकांसमोर होतं.

बरोज यांची एक सवय प्रसिद्ध आहे. चित्रीकरण चालू असताना ते मॉनिटरकडे बघत नाहीत. कॅमेऱ्यांच्या मागे येरझारा घालत, मान खाली, ऐकतात. वडील एब बरोज ब्रॉडवेचे नाटककार, तेव्हा कानाचा भाग घरातूनच आला असावा. चूक डोळ्यांआधी कानाला कळते. हशा उतरणीला लागला की पुढचं वाक्य यायला हवं. हशा शिखरावर असताना बोललं तर वाक्य बुडतं, पुरता विरल्यावर बोललं तर प्रवेश थंड पडतो. आपला रंगभूमीवरचा नट याला 'लाफ्टर घेणं' म्हणतो. एकट्या नटाला ते जमवता येतं. संचात मात्र हशा एकाच्या वाक्यावर येतो आणि थांबायचं असतं दुसऱ्याला. म्हणून सिटकॉममधला चांगला नट ओळखायचा असेल तर बोलणाऱ्याकडे बघू नये. शेजारी जो गप्प आहे तो त्या सहा-सात सेकंदांत काय करतो, ते बघावं. कच्चा नट हसू ओसरायची वाट बघत उभा राहतो. पक्का नट ऐकलेलं वाक्य पचवत असतो, आणि कॅमेरा त्याच्यावर गेला की दुसरा हशा येतो.

या गप्प बसण्याचा सगळ्यात मोठा नमुना 'द मेरी टायलर मूर शो'मध्ये आहे. मिनिआपोलिसच्या एका सुमार टीव्ही केंद्राची बातमी-खोली. १९७० ते १९७७, सात सीझन, १६८ भाग. ऑक्टोबर १९७५ मधल्या एका भागात केंद्राचा विदूषक चकल्स मिरवणुकीत शेंगदाण्याचा वेश करून जातो आणि हत्ती त्याला शेंग समजून सोलायला जातो. चकल्स मरतो. बातमी-खोलीत विनोदांना ऊत येतो. मेरीचा सहकारी मरे आणि साहेब लू यांच्या तोंडून फिस्स निघतं, फक्त नायिका मेरी सगळ्यांना झापत असते. मग अंत्यविधी. आता सगळे गंभीर. पाद्री चकल्सच्या पात्रांची नावं घेत, त्याचं एक हास्यास्पद ब्रीदवाक्य म्हणत श्रद्धांजली वाहतो आणि मेरीच्या घशात हसू येतं. खोकल्यात लपवते. पुन्हा येतं. आजूबाजूचे, ज्यांना तिने झापलं होतं, वळून बघतात. या प्रवेशात मेरीला बोलायला जवळपास काही नाही. पाद्री बोलतो, बाकीचे बघतात, ती ऐकते. शेवटी पाद्री तिला उभी करून म्हणतो, हस बाई, चकल्सला हसणंच आवडायचं. ती हंबरडा फोडते. डेव्हिड लॉइड यांनी लिहिलेला हा भाग शिकवताना विनोदांची मोजदाद करतात. मला त्यातलं खरं कसब आधीच्या दहा मिनिटांत वाटतं, कारण तिथे प्रत्येकाने हसून घेतलं नसतं तर मेरीचं हसू नुसतं वेडगळ दिसलं असतं.

आता संच बिघडतो कसा ते.

एक माणूस संचाबाहेर मोठा होतो. 'हॅपी डेज' (१९७४ ते १९८४) हे रिची कनिंगहॅम नावाच्या सज्जन पोराच्या घराचं होतं. फॉन्झी हा कातडी जाकीट घातलेला मोटारसायकलवाला कडेचा. तो इतका चालला की मालिकेच्या नावातच त्याचं नाव घालायचा विचार वाहिनीने केला. मग सगळ्यांना एकच काम उरलं, फॉन्झीकडे बघणं. सप्टेंबर १९७७ मध्ये त्याला पाण्यावरच्या स्कीवरून शार्क ओलांडायला लावला आणि मालिका घसरल्याचा वाक्प्रचारच त्यावरून पडला. कडेची माणसं सरळ गायबही होतात. रिचीचा थोरला भाऊ चक एके दिवशी वर गेला तो खाली आलाच नाही.

उलट बाजूने, मुलं मोठी झाली म्हणून नवं पोर आणून बसवतात. 'द ब्रेडी बंच'ने शेवटच्या सहा भागांत आईचा भाचा ऑलिव्हर आणला. कोणाच्याही जवळ नसलेलं काही त्याच्याजवळ नव्हतं. होतं ते एवढंच, की तो लहान होता.

'फ्रेंड्स'ने समतोल करारातच बांधून घेतला. सहा जणांत जोड्या होतात १५, आणि १० सीझन, २३६ भाग निघाले त्यात या जोड्या आलटूनपालटून वापरण्याचा वाटा मोठा आहे. चारांत जोड्या सहाच. एकाचा पगार वाढून बाकीचे मागे राहिले असते तर लेखकांवर त्याला जास्त वाक्यं द्यायचा दबाव आलाच असता. डेव्हिड श्विमर यांच्या सांगण्यावरून सहाही जणांनी एकत्र बोलणी केली आणि शेवटच्या दोन सीझनला प्रत्येकी, प्रत्येक भागाला, १० लाख डॉलरवर पोचले. 'साइनफेल्ड'मध्ये जेसन अलेक्झांडर यांना एका भागातून वगळलं, तेव्हा त्यांनी मालिकेचे लेखक लॅरी डेव्हिडना बजावलं की पुन्हा मला वगळायचं असेल तर कायमचंच वगळा. हा नुसता मान-अपमान नव्हता. आपल्यावाचून एक भाग निघाला की दुसराही निघतो, हे नटाला चांगलं कळतं.

आणि माणूस जातो. इथे संच लिहिणाऱ्याचा कस लागतो. 'मॅश'चं उदाहरण नेमकं आहे. कोरियन युद्धातलं फिरतं इस्पितळ. ढिला, प्रेमळ कर्नल ब्लेक गेला, जागी आला जुना शिस्तीचा घोडदळी कर्नल पॉटर. बाईवेडा ट्रॅपर गेला, आला बायकोशी एकनिष्ठ बी. जे. मूर्ख, खुनशी फ्रँक बर्न्स गेला, आला बॉस्टनचा खानदानी विंचेस्टर, जो शस्त्रक्रियेत नायक हॉकआयच्या तोडीचा होता. खुर्ची तीच ठेवली, माणूस उलट स्वभावाचा बसवला. साहेब हवा, दोस्त हवा, तंबूतला शत्रू हवा; पण तसलाच दुसरा आणला तर प्रेक्षक रोज तुलना करत बसतात.

'चिअर्स'वर ही वेळ १९८५ च्या फेब्रुवारीत आली. कोच करणारे निकोलस कोलासांटो वारले. हृदयविकार जुना होता, वाक्यं लक्षात राहत नसत. प्रॉम्प्टरला विंग नाही, तेव्हा सेटवर जागोजागी, काउंटरवर, लाकडावर ते आपली वाक्यं लिहून ठेवत. कोच म्हणजे शब्दाला शब्द धरणारा भाबडा म्हातारा. त्या खुर्चीवर सप्टेंबरात बसला वुडी बॉइड, इंडियानाच्या शेतावरून आलेला पोरगा, तितकाच भाबडा, वयाने नातू शोभेल असा. तो बारमध्ये येतो तो कोचला शोधत. आपण दोघं पेन-पाल होतो, सांगतो. म्हणजे पत्रं लिहायचात? नाही, एकमेकांना पेनं पाठवायचो. या एका वाक्यात नवा माणूस कळतो, गेलेला माणूस अगदी त्याच्या स्वभावासकट पुन्हा येऊन जातो, आणि सॅमला हसावं की रडावं कळत नाही.

दोन वर्षांनी डायन करणाऱ्या शेली लाँग यांनी मालिका सोडली तेव्हा जागा डायनची नव्हतीच भरायची. पुस्तकी पांडित्य आणि त्यावर होणारी टवाळी हे काम फ्रेझर क्रेनकडे आधीच सरकलं होतं. हा मनोविकारतज्ज्ञ १९८४ मध्ये डायनचा प्रियकर म्हणून चार-दोन भागांपुरता आणला होता. पुढे त्याला स्वतःची मालिका मिळाली, तीही २६४ भागांची. म्हणून कर्स्टी ॲली यांची रिबेका विदुषी असायची गरज उरली नाही. ती मॅनेजर म्हणून आली, सॅमच्या डोक्यावर, आणि हळूहळू सगळ्यांत गोंधळलेली तीच निघाली.

कोलासांटो यांच्या कपडे बदलायच्या खोलीत जेरोनिमो या अपाची सरदाराची तसबीर होती. ते गेल्यावर ती सेटच्या भिंतीवर लावली. तिच्याबद्दल आठ वर्षं कोणी काही बोललं नाही. शेवटच्या भागाच्या शेवटी नॉर्मसुद्धा निघून जातो, दारावर कोणी टकटक करतं, सॅम म्हणतो, बंद झालंय. बार रिकामा आहे, स्टूल रिकामं आहे. आत जाता जाता सॅम भिंतीपाशी थांबतो आणि ती तसबीर सरळ करतो.